शवपेटीतली बाई

९ फेब्रुवारी २००२, शनिवार
हेवी मेटल वाजवणाऱ्या एका बँडच्या गाण्याच्या व्हिडिओत काम करणार आहे. मी! नाट्यस्पर्धेत अभिनयाचं पदक घेतलेली मी! पण इतक्या वर्षांत दुसरं कोणी विचारलंय कुठे?

दिग्दर्शक म्हणजे सांडोर गावातला ऑस्टिन. बाविशीचा पोरगा, केस माझ्यापेक्षा लांब. नमुने दाखवले त्याने — धूर, वटवाघळं, पावसात भिजत गिटार बडवणारे उघडेबंब बाप्ये. "आंटी, हा चार मिनिटांचा सिनेमा असतो." सिनेमा म्हणे! आमच्या एव्हरशाईन कॉलनीच्या गणपतीच्या देखाव्यातही याहून बरी गोष्ट असते.

आणि वर आंटी!

१० फेब्रुवारी
गोष्ट अशी — मेलेली आई शवपेटीतून उठते, घरी येते, जेवायला बसते. घरात कोणालाच ती दिसत नाही. मधे मधे बँडमधले चौघं किंचाळणार. ह्यांना सांगितलं, पुढच्या रविवारी शूटिंग आहे. पेपरातून मान वर न करता म्हणाले, "मग रविवारी जेवणाचं काय?"

१७ फेब्रुवारी, रविवार
शूटिंग. ऑस्टिनच्या घरी, केळीच्या वाडीत. रक्त म्हणून बिटाचा रस — अंगभर मुंग्या! धुरासाठी ओला पेंढा पेटवला तर ड्रमवालाच खोकून बेजार. सैतानाचे भक्त म्हणे!

जेवणाच्या टेबलाशी मी जीव ओतून रडले. तर ऑस्टिन म्हणतो, "आंटी, एवढी ॲक्टिंग नको. तुम्ही काही करूच नका ना." दर टेकला तेच! शेवटी म्हटलं, "मग पुतळा आण एखादा!" त्याची आई लुईझाबाई मधे पडली — "थांबा, चहा टाकते." मी तिथेच टेबलाशी बसून राहिले. गाढवाला गुळाची चव काय!

३ मार्च, रविवार
दुपारी केबलवर लागलं. धूर, केस, किंचाळणं — वाटलं होतं तेवढंच भिकार. आणि एकदम सगळा आवाज बंद. माझा चेहरा. रडण्याचा एकही टेक घेतला नाही मेल्याने. घेतलंय ते चहाची वाट बघत बसले होते तेव्हाचं! कॅमेरा चालूच ठेवला होता कार्ट्याने. समोर ताटं, बाई बसलेली — आणि ती तिथे नाहीच. कितीतरी वेळ कापलंच नाही त्याने.

असा अभिनय मी जन्मात केला नाही.

हे शेजारीच बसले होते. टीव्ही बंद केला आणि खाली निघून गेले.

४ मार्च
हे ऑफिसला गेले नाहीत. सकाळी समोर येऊन बसले. म्हणाले, "विनया, रोज जेवताना तू अशीच दिसतेस. मला वाटायचं, दमतेस."

मग म्हणाले, "तुला इथे राहायचं नाहीये ना?"

'काहीतरीच काय!' म्हणणार होते. म्हटलं नाही.