काट्यासाठी एक नमुना

४ नोव्हेंबर
नव्या नोकरीचा पहिला दिवस, आणि स्वारी भलतीच खुशीत! 'संभाव्यता-मापन केंद्र' असं भारदस्त नाव. आत मात्र लांबलचक व्हरांडा, ओळीने खोल्या आणि पाणचट चहा. आपल्या जगाला समांतर अशी दुसरीही जगं चाललेली असतात. त्यांतलं कुठलं किती शक्य, हे आमचं यंत्र काट्यावर दाखवतं. यंत्र सांभाळणाऱ्या बाईंना सगळे काटेताई म्हणतात. क्वार्टर दोनच खोल्यांचं, पण उजेड भरपूर. आमची भिंगरी सहा वर्षांची, पण घरात सत्ता तिचीच. आल्या आल्या मोठी खोली तिने बळकावली.

५ नोव्हेंबर
इथली एक गंमत. रोज सकाळी काटा शून्यावर आणायला यंत्राला नमुना लागतो, म्हणजे खरी घडलेली, पण घडण्याची शक्यता जवळजवळ नसलेली गोष्ट. नवा माणूस आला की नमुना त्याचा. माझ्या आधीच्याने सोडतीत लागलेली सायकल दिली होती. मला काय सुचावं? भिंगरी! डॉक्टरांनी हात टेकले होते, मूल होणारच नाही म्हणाले होते, आणि ही बया आली. मी छाती फुगवून सांगितलं. काटा सुळकन शून्यावर टेकला, इतका नेमका आजवर टेकला नव्हता म्हणे. साहेब खूश. काटेताई तेवढ्या जेवताना म्हणाल्या, माणसं द्यायची नसतात. मग विषय बदलला.

१२ नोव्हेंबर
बायको आज दोनच ताटं वाढून मोकळी. भिंगरी समोर बसलेली! मी चिडवलं, तेव्हा हसून तिसरं आणलं. नव्या जागेचा शीण, दुसरं काय. भिंगरीचे बूट मात्र कोरे दिसले, तळ झिजलेलाच नाही. महिनाभर रोज दगडांवर घासत होती ती ते.

१५ नोव्हेंबर
भिंगरीला शाळेतून आणायला गेलो. वर्गशिक्षिका म्हणाल्या, या नावाची मुलगीच पटावर नाही. भिंगरी मागच्या बाकावर बसलेली होती. वाटेत तिने विचारलं, बाबा, बाई माझ्याकडे बघतच का नाहीत? तिचा हात फार हलका लागला. सरळच लिहितो, मला भीती वाटली.

१६ नोव्हेंबर
काटेताईंना गाठलं. खरं ते सांगितलं त्यांनी. काटा शून्यावर आणायचा म्हणजे ती गोष्ट रोज थोडी थोडी पुसायची. माझ्या आधीच्या माणसाच्या घरी आता सायकल नाही, कधी होती हेही कोणाला आठवत नाही. फक्त देणाऱ्याला आठवतं. पुसून गेलेला नमुनाही परत घेता येतो, पण त्याच्या जागी आपलीच त्याहून अशक्य गोष्ट द्यावी लागते. माझ्याकडे तशी गोष्ट कुठली?

१८ नोव्हेंबर
सकाळी तिचं अंथरूण नाही. कपडे नाहीत. बायकोला विचारलं, तर तिने माझ्या कपाळाला हात लावून पाहिला. म्हणाली, आपल्याला मूल कुठे आहे रे? आणि रडायला लागली. मी तिची समजूत घातली. मी —

१९ नोव्हेंबर
आहे. तशी गोष्ट आहे. दोन वर्षांपूर्वी मी जात होतो ती बस नदीत पडली. सगळे प्रवासी गेले, मी एकटा वाचलो. डॉक्टर म्हणाले होते, हे कसं शक्य आहे? काटेताईंनी विनवलं, नका देऊ. दिली. काटा एका झटक्यात —

२० नोव्हेंबर
क्वार्टरला कुलूप. शेजारी दाराशी उभे, पण माझ्याकडे कोणी पाहत नाही. जुन्या घरी निघालो. कंडक्टरने तिकीट मागितलंच नाही.
आहे! भिंगरी आहे! पाय आपटत घरभर फिरतेय. मी हाका मारल्या. बायकोने वाऱ्याने दार वाजलं म्हणून लावून घेतलं. भिंतीवर हार घातलेला माझा फोटो —

२१ नोव्हेंबर
पेन धरवत नाही — बोटं दिसत — असू दे, ती आहे — फोटोखाली बसून आईला विचारतेय, बाबा हसायचे कसे? — मला आठवतच नाही गं आई, म्हणते — मी हसून दाखवतोय, मोठ्याने, अगदी तिच्या कानाशी — भिंगरे, इकडे बघ — अगं हे असं, असं ह