मज़दूर की चेष्टा

१२ नोव्हें. १९६१
भिलाईच्या आमच्या सेक्टरच्या मंडळात नामदेवचं चित्र लागलं. गडी शिफ्टभर फर्नेससमोर भाजून निघतो अन् घरी येऊन रंग कालवत बसतो. चित्रात प्लांट बांधतानाच्या रेजा, म्हणजे मजूर बाया, डोक्यावर मातीची घमेली, रांगेनं चाललेल्या. मागं लाल आभाळ. माना अशा उतरल्यात की पाहता पाहता माझीच मान अवघडली. पण चेहरे? सगळ्या गोऱ्यापान, सगळ्या एकमेकींच्या बहिणी, वाण्याच्या कॅलेंडरातून उठून आल्यासारख्या. ना.ची बायको सिंधू इथंच रेजा होती. सावळी, तोंडावर देवीचे वण, करारी बाई. ती कुठं आहे यात?

ना. शेजारी येऊन उभा. "मास्तर, कसं वाटलं?"
"लिहितो ना त्याच्यावर," म्हणालो. सुटलो.

१६ नोव्हें.
टाउनशिपच्या हिंदी पाक्षिकासाठी लेख लिहिला. मी मराठीत लिहायचं, आमच्या शाळेतले हिंदीचे तिवारीजी त्याचं हिंदी करणार. 'एका मजुराचा प्रामाणिक प्रयत्न', कष्ट, जिद्द वगैरे. चेहऱ्यांबद्दल एक अक्षर नाही. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं.
बायकोनं, शांतानं, वाचला. "अवो, एवढं लिवलं, पण चित्र चांगलं का वाईट?"
म्हटलं, समीक्षेत असं सरळ नसतं. ती भाजी चिरायला गेली.
दुपारी माझ्या विदर्भाच्या वाङ्मयेतिहासाचं पाचवं प्रकरण लिहिलं. एका जुन्या कवीला चांगला धुऊन काढला. मेलेल्यांचं बरं असतं, भांडायला येत नाहीत.

३० नोव्हें.
अंक आला. मथळा मोठ्या अक्षरात: 'एक मज़दूर की चेष्टा'. तिवारीजींनी 'प्रयत्ना'चं 'चेष्टा' केलंय, हिंदीत बरोबरच आहे. मलाही काही खटकलं नाही. शाळामास्तर असून!
संध्याकाळी शांता नळावरून तणतणत आली. सगळ्या मराठी बाया हसून राहिल्यात. म्हणे, मास्तरनं नामदेवची चेष्टा केली अन् वरून छापून आणली.

३ डिसें.
रविवार. ना. चहाला आला नाही. भिलाईत आल्यापासून एक रविवार चुकला नसेल. शांतानं त्याचा कप काढून ठेवला होता, मग उचलला.

५ डिसें.
सायकल स्टँडवर गाठला. शिफ्टमध्ये पोरं त्याला 'चेष्टा' म्हणूनच हाक मारतात आता. मी हिंदी-मराठी सांगायला लागलो, तो कुलूप काढत राहिला.
"मले वाटलं होतं तुम्ही निराळे हा. शेवटी गावचे पाटील ते पाटीलच."
गेला. मी तिथंच. हे मला फार लागलं. त्याच्या घरी जेवलो म्हणून माझ्या सख्ख्या काकानं पत्र बंद केलं, तेव्हाही एवढं लागलं नव्हतं.
सिंधू शांताला म्हणाली, ब्रश तसेच वाळवले. नव्या बुद्धविहाराची भिंत रंगवायची कबूल केली होती, तिथं जाऊन नाही म्हणून आला.

१० डिसें.
तिवारीजींना घेऊन ना.च्या क्वार्टरवर गेलो. काखेत कोश. भल्या माणसानं दारातच हात जोडले. "भाई, हमारे यहाँ चेष्टा माने कोशिश. आपका अपमान करूँगा मैं?" पान उघडून दाखवलं. ना.नं वाचलं, पुन्हा वाचलं. पाणी दिलं, चहा दिला. तिवारीजी समाधानानं गेले. मला वाटलं, मिटलं.

मग ना. म्हणाला, "शब्दाचं समजलं. त्यायचा काई दोष नाई. पण मंग मास्तर, चित्र कसं हाये ते कुठं लिवलं तुम्ही? कोशिश तं शाळेतले पोट्टे बी करते."
ताकाला जाऊन भांडं लपवलं होतं, आता हातात भांडंच उरलं.
सांगितलं. आधी मानांचं, की अशा माना मी कुठल्या चित्रात पाहिल्या नाहीत. मग चेहऱ्यांचं. "या गोऱ्या बाया कोण आहेत नामदेव? सिंधू कुठं आहे यांच्यात?"
सिंधू चुलीवरून वळली. "मी बी हेच म्हनलं होतं, तं माह्यावर खेकसले."
ना. म्हणाला, "आमच्या बायायले सुंदर कोणी दाखवलं आजपर्यंत? मी दाखवली, तं तेबी चुकलं?"
तो उठला, दार उघडलं. "या आता."

१४ डिसें.
मंडळात गेलो. चित्र नाही. भिंतीवर खिळा तेवढा. ना. येऊन काढून घेऊन गेला म्हणे. फाडलं असेल का? शांताला विचारलं, तुला काय वाटतं. "खरं बोलले ना? मंग आता भोगा."
पाचवं प्रकरण काढून वाचलं. त्या कवीच्या चांगल्या ओळी मी गाळल्याच होत्या. धड खरं त्याच्याशीही बोललो नाही.

१७ डिसें.
रविवार. दारात सिंधू. डोळे खाली, पण ओठात हसू दाबलेलं.
"मास्तर, तुमची लिवायची खुर्ची पायजे. मले चित्रासाठी बसवून राहिले रोज. पेटीवर बसून कंबर मोडली."
माझ्या छातीवरचं ओझं उतरलं, खोटं कशाला बोलू. "आता घेऊन येतो," म्हणत खुर्ची उचललीसुद्धा.
तिनं माझ्या हातातून ती काढून घेतली. "तुम्ही नोका येऊ. ते म्हणे, खुर्ची आण, मास्तर नोको."
डोक्यावर उलटी घेऊन गेली, एक हात न लावता. मी फाटकापर्यंत तिची मान पाहत राहिलो.
कप शांतानं आजही काढला होता. सतरंजीवर बसून हे लिहितोय. पाठ भरून आली. शांता म्हणते, भरू द्या.