सातवी तार पुन्हा सैल करून मिळणेबाबत

प्रति,
मा. मुख्य तारजुळणी अधिकारी,
मेळपेटी विभाग, नगर कार्यालय,
दुसरा मजला (पंखा नुसता आवाज करतो ती खोली).

विषय : आमच्या गल्लीच्या मेळपेटीची सातवी तार होती तशी सैल करून मिळणेबाबत.
संदर्भ : माझाच मागचा अर्ज, ज्यात ती घट्ट करा असं म्हटलं होतं. तो थट्टेचा होता.

महोदय,

मी गल्लीच्या तोंडाशी सायकली दुरुस्त करतो. अर्ज कोणाचा ते बघून आपण हसायला लागला असाल. आपल्या भिंतीवरच्या घड्याळाला निवृत्तिवेतन द्या, हा अर्ज माझाच. जिन्यातल्या मांजराची बदली करा, हाही माझाच. दोन्हींवर आपण काही केलं नाहीत, ते बरोबरच होतं. तक्रार एवढीच, की तिसऱ्यावर मात्र केलंत.

१. मेळपेटी माझ्या दुकानाबाहेरच्या भिंतीत आहे. झाकण उघडलं की सात तारा. एक वेळ धरून ठेवते, एक सावल्या, एक वजन, अशा सहा तारांखाली पाट्या आहेत. सातवीखाली पाटी नाही. आपले जुने तारवाले, आता घरी बसलेत ते, सहा तारा कान लावून जुळवायचे आणि सातवीची खुंटी मुद्दाम सैल सोडायचे. का म्हणून विचारलं की म्हणायचे, "गल्लीला जरा हलायला जागा नको का?"

२. ते निवृत्त झाल्यावर मी गंमत म्हणून अर्ज टाकला, की सातवी तार सैल असल्यामुळे माझ्या बायकोला विनोद उशिरा कळतात, तरी ती घट्ट करावी. आता तिला हसू उशिराच येतं हे खरं आहे. मी जेवताना काहीतरी बोलून जातो, आणि ती भांडी घासायला लागली की आतून फिस्सकन हसते. त्या हसण्यापायीच मी आयुष्यभर वात्रटपणा केला. तर आपला नवा माणूस यंत्र घेऊन आला, काटा मधोमध येईपर्यंत खुंटी पिळली आणि माझी सही घेऊन गेला. मला वाटलं, कोणीतरी माझीच फिरकी घेतंय.

३. आधी मजा आली. दुकानातलं डुगडुगणारं स्टूल डुगडुगेना. न्हावी बोलताना अडखळायचा, तो घडाघडा बोलायला लागला. शिंप्याच्या दुकानाचं दार जन्मात नीट लागलं नव्हतं, ते लागलं. मग ते उघडेना. मग तिथे दारच नव्हतं. आता सपाट भिंत आहे, रंगासकट. न्हाव्याला विचारलं, शिंपी कुठे गेला, तर म्हणाला, आपल्या गल्लीत शिंपी होता कधी? त्याच्या अंगात शिंप्यानेच शिवलेला सदरा होता, एक बाही आखूड असलेला. बघता बघता दोन्ही बाह्या सारख्या झाल्या.

४. यावरून मला कळलं ते असं. जे सरळ होऊ शकतं ते पेटी सरळ करते. जे होत नाही ते काढून टाकते. शिंपी तिरळा, हट्टी आणि वर बेसूर गाणारा. त्याच्यामागोमाग लंगडं कुत्रं गेलं. आता गल्लीत वाकडं असं एकच उरलंय, आणि ते हा अर्ज लिहितंय.

५. बायको आता वेळेवर हसते. विनोद संपला की लगेच, मोजून मापून. भिंतीपलीकडे शेजारीणही त्याच क्षणी हसते, तिला काही ऐकू गेलेलं नसताना. मी मुद्दाम एक विनोद अर्ध्यात सोडला. तरी दोघी हसल्या. हल्ली ताट एकच वाढलं जातं. माझं कुठंय म्हटलं, की विसरले म्हणते आणि वाढते. काल मात्र तिने दारातच अडवलं. रागाने नाही, अगदी नीट विचारलं, "कोण हवंय आपल्याला?" मी म्हटलं, "अगं, पुरे आता थट्टा." ती हसली. वेळेवर.

६. खुंटी मीच सैल केली असती. पण पेटीचं झाकण आता भिंतीत इतकं चपखल बसलंय की नखही शिरत नाही. आपल्या कारकुनाला हे सगळं सांगितलं, तर तो पोट धरून हसला, म्हणाला, "पंक्चरवाले, हा सगळ्यात भारी." आज सकाळी माझ्या दुकानाचं शटर आवाज न करता वर गेलं. ते कायम अडकायचं.

तरी विनंती, की जुन्या तारवाल्यांना घरून बोलवावं आणि खुंटी त्यांच्याच हातून सोडवून घ्यावी. दुकानाच्या जागी भिंत दिसली तरी परत फिरू नये, पेटी त्याच भिंतीत आहे. तार सैल झाली का, हे यंत्राने बघू नये. दुकानाच्या वरच आमचं घर आहे, तिथे जाऊन माझ्या बायकोला एक विनोद सांगावा. विनोद सुचत नसेल तर सांगावं, की इथे एक पंक्चरवाला राहायचा, त्याने घड्याळासाठी निवृत्तिवेतन मागितलं होतं. ती लगेच हसली तर खुंटी आणखी सोडावी. हसली नाही तर निघून जाऊ नये, जिन्यात थांबावं. आधी भांड्यांचा आवाज येईल.

आपला वाकडा, पण या खेपेला खरं बोलणारा,
(सही)
गल्लीच्या तोंडचा पंक्चरवाला
दिनांक : आजच, शटर उघडतंय तोवर

सोबत :
१) झाकण उचकटायला पाना.
२) शिंप्याने शिवलेला माझा सदरा, एक बाही आखूड. गल्लीत ठेवला तर सरळ होईल, म्हणून आपल्याकडे ठेवावा.