चाळभर ऐकू येणारा प्राणायाम

सोमवार, १२ फेब्रुवारी १९९६

दहावीच्या परीक्षेपेक्षा मला आता बाबांच्या योगाचीच धास्ती वाटते. पालकसभेत कुणी योगवाले सर म्हणाले, रोज संध्याकाळी मुलांकडून दीर्घ श्वसन करून घ्या, ताण जातो. झालं! वीस वर्षं कापड कारखान्यातल्या लूमच्या खडखडाटात बाबांचे कान गेलेत. हळू बोलणं त्यांना जमतच नाही. आज समोर मांडी घालून बसले आणि ओरडले, "श्वास घे! आता सोड! शांत हो!" मी शांत नाही हे आमच्या चाळीलाच काय, अख्ख्या कोसाड गावाला कळलं. नळावर गेले तर शेजारची हेतल दात काढत म्हणाली, "केम, श्वास लीधो के नहीं?" म्हणजे, काय गं, घेतलास की नाही श्वास! जीव घ्यावासा वाटला. तिचा की बाबांचा, कोण जाणे.

घरात आले तर म्हणे अजून भ्रामरी राहिली! अंगठ्यांनी कान बंद करायचे आणि भुंग्यासारखं गुणगुणायचं. रागाच्या भरात मी अंगठे असे दाबले की कान दुखले. श्वास घ्यायला थांबले, तेव्हा बाबांचा आवाज आला. हळू. खरंच हळू, हेतलचे पप्पा तिच्याशी बोलतात तसा. "घाबरू नको पोरी. नापास झालीस तरी तुला कारखान्यात नाही धाडणार."

ऐकूच आलं नाही असं दाखवून मी गुणगुणत राहिले. कान मात्र उघडले नाहीत. का?

कान बंद असून मला हळू ऐकू आलं, म्हणजे चाळीला स्पष्ट गेलं असणार. उद्या नळावर हेतलने हे वाक्य नुसतं उच्चारू दे, तिचा हंडा तिच्याच डोक्यावर पालथा करीन.