अर्धा कोयता

५ ऑक्टोबर
आज शहादेवनं बाकाखाली माझा हात धरला. अख्खा केमिस्ट्रीचा तास! बारावीचं वर्ष, एक शब्द कळला न्हाई. करू कव्हर. निश्चय: घाई करायची न्हाई. ही वही गादीखाली.

९ ऑक्टोबर
शहादेवला अप्पांचा मफलर दिला. थंडी नव्हती, पण प्रेम थंडीची वाट बघत न्हाई. भर दुपारी गळ्यात घालून बसला, घामाघूम झाला तरी काढला न्हाई. शाळेत शिकवून आल्यावर अप्पांनी मफलर विचारला. धुवायला टाकलाय म्हणलो.

१३ ऑक्टोबर
काल दसरा झाला. आता आष्टीतल्या टोळ्या ऊसतोडीला निघणार. शहादेवचे आईबाप दरवर्षी जातात. यंदा त्याला अठरा पूर्ण, म्हणून सरळ विचारलं. म्हणला, तुझी शपथ बे, मी जाणार न्हाई, पेपर देणार. विषय संपला.

१९ ऑक्टोबर
टपरीवर तानाजी त्याच्याजवळ बसलेला. तानाजी म्हणजे दहावी नापास, दंड मात्र लई भरलेले. मला संशय न्हाई. संशय हलकी माणसं घेतात.
तानाजी शहादेवच्या कपातला चहा पिला. दोनदा.

२६ ऑक्टोबर
घात! शहादेवला जावं लागतंय. घरचे ऐकंनात म्हणला अन् डोळे पुसले, माझ्याच मफलरनं. माझा प्लॅन तयार हाय. कोयता म्हणजे दोन माणसं, एक ऊस तोडतो, दुसरा मोळ्या बांधतो. बहुतेक नवरा-बायकोच. एकट्याला अर्धा कोयता म्हणतात. तो अर्धा, मी अर्धा. उद्यापासून प्रॅक्टिस.

२७ ऑक्टोबर
शेजारच्या भिवराबाईंचं चाऱ्याचं कडवळ तोडलं. तीन ताटं अन् माझा अंगठा. बाईंनी आईसकट उद्धार केला. सुरुवात म्हणून चांगलंय.

३० ऑक्टोबर
टोळीचे मुकादम बबनराव, त्यांच्याकडं गेलतो. म्हणलो, शहादेवच्या जोडीला मला लिहा. अंगठ्याची पट्टी बघून खोकला येईस्तोवर हसले. म्हणले, मास्तरचं पोरगं तू, कावून जीव देतो? अन् त्याची जोडी तर दसऱ्याच्या आधीच लागली, तानाजीसंगं. शहादेवचा बाप हात जोडत होता, शिक म्हणून. ह्योच ऐकंना, तानाजी जातो तर मी बी जाणार.
मुकादम खोटं बोलत असतील.
दसऱ्याच्या आधी. अन् माझी शपथ दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी.

४ नोव्हेंबर, सकाळी ६
टोळी निघाली. मी दूध आणायला गेलतो, म्हणून रस्त्यात होतो. ट्रकमधून शहादेवनं मला बघितलं अन् लगेच भांड्यांकडं बघायला लागला. हरामखोर! हात मी मागितला नव्हता, त्यानंच धरला होता. निश्चय: फोन आला तर उचलायचा न्हाई. निदान तीन रिंग तरी.
दूध विसरलो.

१२ नोव्हेंबर
फोन न्हाई. उसाच्या फडात रेंज नसणार.

१८ नोव्हेंबर
रेंज हाय. शहादेवचं स्टेटस आलं. दोघं मोळीवर बसलेत, खाली लिहिलंय, आमचा कोयता. मफलर तानाजीच्या गळ्यात.
आज खरी थंडी पडली. अप्पांनी परत मफलर विचारला. हरवला म्हणलो. म्हणले, जाऊ दे, जुनाच होता. मला रडूच फुटलं. अप्पांना वाटलं, मफलरसाठीच रडतोय. पाठीवर हात फिरवला, अन् बाजारातून दुसरा आणतो म्हणले.