उंच पऱ्हा

१४ जून, शुक्रवार
आलो एकदाचे दिघोरीला! नागपूरहून निघताना धनंजयने तोंड वाकडं केलं होतं. म्हणे, नवरा सोडून कोणी धानाच्या बांधीवर राहायला जातं का? जातं. मी जाते. शेतकीची पदवी दहा वर्षं कपाटात कुजत पडली होती, तिला जरा हवा लागू दे.

बियाणं कंपनीने दोन खोल्यांचं घर दिलंय. मागे बोडी, म्हणजे छोटं तळं. पुढे आठ बांध्या, धानाची खाचरंच ती. गुड्डी (वय नऊ, नाक सतत वाहतं) उतरल्या उतरल्या बगळ्यांच्या मागे धावली आणि चिखलात पडली. मी रागावलेसुद्धा नाही, इतकी खूश आहे.

काम सोपं आहे. पुरात धान बुडालं की रोपातलं एक संप्रेरक जोर करतं, जिबरेलीन. ते रोपाला म्हणतं, पळ वर, श्वास घे. कंपनीने तेच बाटलीत भरलंय, पण फार जहाल करून. बी त्यात भिजवायचं, पेरायचं आणि रोपं किती वाढली ते रोज पट्टीने मोजायचं. साहेब मधुकरराव फक्त फोनवर भेटतात. मजुरांचं सगळं रुखमिणीबाई बघतात. पन्नाशीच्या आहेत आणि आवाज असा की बोडीवरचे बगळे उडतात.

२६ जून, बुधवार
परवा पेरणी झाली. दोन ओंजळी भिजवलेलं बी उरलं. कागदावर स्पष्ट लिहिलंय की उरलेलं बी चुना घालून पुरून टाका. रुखमिणीबाईंना सांगितलं तर कमरेवर हात ठेवून उभ्याच राहिल्या. म्हणे, बाई, धान मातीत टाकाचा तं पेरासाठी, फेकासाठी नाही. लक्ष्मी हाये ते! माझ्या घरी सात पिढ्यात कोणं दाणा नाही पुरला.

आधी समजावलं, मग हसले, मग हरले. म्हटलं, हे संप्रेरक तसंही भातात असतंच आणि उकळलं की मोडतं. अगदी ठासून सांगितलं, पदवीचा एवढा तरी उपयोग! त्यांनी ते बी वाळवलं, कांडलं आणि आज पेज करून आणली. पहिला वाटा लेकराचा, म्हणून गुड्डीला दिली. होतीच एवढीशी, दुसऱ्या कोणाला उरली नाही. पोरीने लोणच्यासोबत वाटी चाटूनपुसून साफ केली. भारीच गोड वास होता.

८ जुलै, सोमवार
पऱ्हे जोरात आहेत. (रोपांना इथे पऱ्हे म्हणतात, मलाही आता तेच येतं तोंडात.)

शाळेचा नवा फ्रॉक गुड्डीच्या गुडघ्यावर चढलाय. शिंप्याला फोन करून झापलं, तो बिचारा म्हणे मापातच शिवला. पट्टी हातात होतीच, सहज मोजलं तर १३१ सेंटीमीटर. शाळेच्या दाखल्यावर १२४ आहे, जूनच्या सुरुवातीचा. पुन्हा मोजलं. शाळेतल्या मास्तरांना मोजता येत नसेल.

१३ जुलै, शनिवार
१३९.

लाखांदूरला दवाखान्यात नेलं. डॉक्टर म्हणाले, वयात येतेय, मुली अशाच झपाट्याने वाढतात. धनंजय तर फोनवर खूशच झाला. म्हणे पोरगी आपल्या खानदानावर गेली, तुला कायचा त्रास होऊन राहिला?

पण ती पिवळी पडलीय. हातपाय काटकुळे. दिवसभर खिडकीकडे तोंड करून बसते. मी तिला उचलून भिंतीकडे तोंड करून बसवलं आणि कणीक मळायला गेले. परत आले तर धड तिथेच, मान मात्र उजेडाकडे वळलेली. तिला म्हटलं दुखतंय का. म्हणाली, नाही, बरं वाटते.

१७ जुलै, बुधवार
रोवणी, म्हणजे लावणी, सुरू झाली. रुखमिणीबाई वाकून लावता लावता मधूनच एखादा पऱ्हा उपटून बांधावर फेकत होत्या. का म्हणून विचारलं. म्हणे, हा पाहा, सगळ्याइच्या वर डोकं काढते, पिवळा राहते. लोकाइले वाटते जोमदार हाये. जोमदार कायचा, सारा जीव उंचीतच जाते त्याचा. लोंबी लवकर टाकते अन् पोचट टाकते, मंग तीन दिवसात वाळते.

बोलता बोलता त्यांनी दारात उभ्या गुड्डीकडे पाहिलं आणि हातातली जुडी पाण्यात पडली.

दुपारी घरी आल्या. रडत होत्या. मी पेज कायले केली, मी कायले केली, एवढंच. मी त्यांना पाणी दिलं. त्यांची काय चूक? काही होत नाही असं मी सांगितलं होतं. मी.

१९ जुलै, शुक्रवार
१५३. माझ्याएवढी.

मधुकररावांना सगळं सांगितलं. ते म्हणाले की पेजेबद्दल मोजमापाच्या वहीत काही लिहू नका. आता त्यांचा फोन लागत नाही. धनंजय रविवारी येतो म्हणतो, नागपूरला मोठ्या दवाखान्यात नेऊ म्हणतो. तिथे तरी काय सांगू? कोणत्या डॉक्टरकडे याचं औषध असेल?

विचार कर, दामिनी. तुला येतं हे. रोपाला पाणी तुटलं की दुसरं संप्रेरक सुटतं, ताणाचं. ते पहिल्याच्या उलट सांगतं, थांब, पानांवरची तोंडं मिट, आहे तेवढ्यात जग. दोन नंबरच्या बांधीचं पाणी मी सोमवारी बाहेर सोडून दिलं होतं. तिथले पऱ्हे थांबलेत.

२० जुलै, शनिवार
१५८. सकाळपासून तिला पाणी दिलं नाही. माठ रुखमिणीबाईंकडे पाठवला. मागच्या दाराला कुलूप लावलं, बोडी नको दिसायला.

आई, एक घोट. आई, एकच. मी आई आहे की कोण आहे?

२१ जुलै, रविवार
१५८! थांबली. देवा, थांबली!
धनंजय आला नाही. पुराने पूल बंद आहे म्हणे.

२२ जुलै
१५८. पण ती बोलत नाही. ओठ चिकटलेत. मुठी उघडत नाहीत. श्वास मोजला, मिनिटाला चार. झाड तोंडं मिटतं ते असं — हे मला पाठ होतं, परीक्षेत पाच गुण होते.
उशीवर केस. पुष्कळ. ताण सोसवेना की झाड पानं गाळतं.

२२, दुपारी
नाही बघवत. चमच्याने पाणी दिलं. एक पेला. माझ्या डोळ्यांसमोर — मांडीवरून तिचे पाय पुढे सरकले. १६६.

पाणी दिलं तर अशी जाईल. नाही दिलं तर तशी. तिसरं काही मला शिकवलेलंच नाही.

२४ जुलै
पाऊस थांबत नाही. घरात पाणी शिरलंय. कुठे ठेवू कोरडं तिला? घोट्यांवर पांढरे दोरे फुटलेत, बारीक. मी कात्रीने कापले. ती किंचाळली. रक्त नाही, नुसतं पाणी.

२५ जुलै
पहाटे खाटेवर नव्हती. दोन नंबरच्या बांधीत उभी आहे, पोटरीभर चिखलात, उजेडाकडे तोंड करून. हसली मला बघून. किती दिवसांनी —
पाय निघत नाहीत. ओढलं. म्हणाली, आई, नको ना, आतून तुटते.

२६ जुलै
बायका बांधावर जमल्यात. कोणी जवळ येत नाही. रुखमिणीबाई एकट्या उतरल्या. म्हणाल्या, उपटाचं कोणी म्हणन नाही, बाई, लेकरू हाये. मग हळूच म्हणाल्या की आता लोंबीच पाहाची. दूध भरलं तं जगन.
तिच्या तोंडाकडे बघायला मान वर करावी लागते. माझं नऊ वर्षांचं लेकरू.

२८ जुलै
पाऊस उघडला. केसांत काहीतरी आलंय. हिरवं, खरखरीत. झुपक्या-झुपक्याने.
बांधावर बसले आणि खाली वाक म्हटलं. वाकली, शहाण्यासारखी, डोकं माझ्या मांडीवर ठेवलं. काय बघते म्हणून विचारलं. उवा बघते म्हटलं.
डावा हात तिच्या केसांत आहे, उजव्याने लिहितेय. दाणा नखात धरून दाबायचा, दूध आलं की —
पहिला पोचट.
दुसरा पोचट.
ती गुणगुणतेय. म्हणते, सापडली का गं आई?
तिसरा पोचट. चौथा. पाचवा