बाभळीच्या पुढं

आप्पा, परवा एका सभागृहात माझा जुना सिनेमा पुन्हा दाखवला. तुम्ही होटगीच्या माळावरून चालत जाता, तो. नंतर एका मुलीनं विचारलं, इतका वेळ एकाच माणसाची पाठ का दाखवलीत? मी नेहमीचं उत्तर दिलं, जमीन, आठवण वगैरे. आता ते बोलतानाही दमायला होतं. खरं काय ते तुम्हाला तरी सांगायला हवं होतं.

दुष्काळ सरून दोनेक वर्षं झाली होती. तुम्ही रेल्वेच्या फाटकावरून नुकतेच रिटायर झाला होता आणि मी उसना कॅमेरा आणि एक कॅमेरामन घेऊन गावी आलो होतो. मला फक्त माळ हवा होता आणि त्यात लांब लांब जाणारा एक माणूस. तुम्ही नोकरीतला निळा सदरा धुऊन घातला होता. मी म्हणालो, सरळ चालत राहा, मागं बघू नका, मी हाक मारीपर्यंत थांबू नका. दुपारचं ऊन आहे, तुम्ही निघता, चपलांखाली ढेकळं फुटतात, सदरा हळूहळू लहान होत जातो. तुम्ही ओढ्याच्या बऱ्याच अलीकडच्या बाभळीपाशी पोचता आणि रीळ संपतं. मग कॅमेऱ्यात धूळ गेली कुणामुळं, यावरून माझं आणि कॅमेरामनचं वाजलं. त्यात तास-दीड तास गेला. तुम्हाला हाक मारायची राहूनच गेली.

उन्हं कलल्यावर तुम्ही परत आलात. ओठ सुकलेले, टाचेला चप्पल लागून रक्त आलेलं. रागावला नाहीत. एवढंच म्हणालात, "वड्याच्या पल्याड गेलतो. तुजी हाक काय आली न्हाय, मग थांबायचं कसं?" जन्मभर हुकमाशिवाय फाटक न उघडलेला माणूस. मी म्हणालो, कॅमेरा चालूच होता आप्पा, सगळं आलंय. तुम्ही खूश होऊन टाच धुवायला गेलात.

पुढच्या वर्षी आपल्या जिल्ह्याच्या गावी, सात रस्त्याजवळच्या एका हॉलमध्ये सिनेमा दाखवला. निम्मी माणसं मधेच उठून गेली. तुम्ही शेवटपर्यंत बसलात आणि बाहेर आल्यावर विचारलंत, "वड्यापतुर गेलतो की मी. त्ये कुटं हाय?" मुंबईच्या लोकांनी कापलं, असं मी सांगितलं. तुम्ही मान हलवलीत. डोळे मिटेपर्यंत गावात तेच सांगत राहिलात, पोराचं काम लई मोठं होतं, कापून टाकलं त्यांनी.

हे कागद वहीतच राहतील. पण एक सांगायचं उरलंय. तुम्ही परत येत होता तेव्हा ऊन तुमच्या तोंडावर होतं आणि तुम्ही थेट माझ्याकडं बघत येत होता. पिशवीत एक कोरं रीळ शिल्लक होतं. कॅमेरामननं ते काढायला हातही घातला होता. मी म्हणालो, राहू दे, उद्या मोकळ्या माळासाठी लागेल.